चित्रासोबत नाव आणि गावही

नमस्कार मंडळी,

दिवाळीच्या आमंत्रणपत्रिकेवर, रांगोळीत, मुलांच्या कार्यशाळेत आपण परदेशातील मराठी माणसे वारली चित्रे हौसेने वापरतो आणि त्यांची छायाचित्रे अभिमानाने समाजमाध्यमांवर टाकतो. गेल्या वर्षी मीही कार्यशाळेची एक चित्रफीत टाकली आणि तिला ‘महाराष्ट्राची प्राचीन लोककला’ एवढाच मथळा दिला. दोनच दिवसांत पालघर जिल्ह्यातील एका वारली तरुणीने विचारले, ‘यात आमचे नाव कुठे आहे? आणि मुलांकडून लग्नचौक का रेखाटून घेतलात?’ पहिल्या प्रश्नाने मी खजील झालो. दुसरा प्रश्न तर मला कळलाच नव्हता.

वारली या आदिवासी समाजात लग्नघराच्या गेरूने सारवलेल्या कुडावर सवाशिणी तांदळाच्या पिठाने, बांबूच्या काडीने चौक, म्हणजे लग्नविधीचे चौकोनी चित्र, ‘लिहितात’; त्यांच्या बोलीत हेच क्रियापद आहे. चौकाच्या मधोमध पालघट देवी असते आणि लग्न लावणारी धवलेरी, म्हणजे विधी करणारी स्त्री, गाणी म्हणते. ज्याला मी सुबक नक्षी समजत होतो, ते त्या घरचे देवकार्य होते. आपल्या देवघरातली पूजा कोणी सजावट म्हणून उचलली, तर आपल्याला काय वाटेल?

याचा अर्थ ही चित्रे आपण वापरूच नयेत, असा मुळीच नाही. वारली चित्रकार जिव्या सोमा म्हसे यांनी विधीच्या पलीकडे जाऊन कागदावर आणि कापडावर शेती, मासेमारी, तारपा या फुंकून वाजवायच्या वाद्याभोवतीचा नाच रंगवला, ती चित्रे जगभर पोहोचली आणि २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. वारली चित्रांना भौगोलिक मानांकन, म्हणजे त्या प्रदेशाची कला म्हणून कायदेशीर ओळखही आहे. मात्र चित्र कोणाचे आणि कोणत्या गावचे, हे त्या व्यक्तीच्या संमतीने लिहावे. चौकासारखा विधीचा भाग दाखवण्याआधी विचारावे. ‘प्राचीन’ हा शब्दही जपून वापरावा, कारण त्यामुळे आज शेती करणारा, शाळेत शिकवणारा, पोटासाठी मुंबईला जाणारा वारली माणूस जणू इतिहासजमा होतो. परदेशात आपल्या शेजाऱ्यांना वारली समाज अनेकदा आपल्याच चित्रफितीतून पहिल्यांदा दिसतो, म्हणून हे मला फार महत्त्वाचे वाटते.

मी त्या चित्रफितीतील चौकाचा भाग काढून टाकला आणि मथळा बदलला. यंदाची कार्यशाळा डहाणूच्या एक वारली चित्रकार ताई दूरचित्रसंवादाने घेतील. मानधन त्यांनी सांगितले तेवढेच ठरले आहे, आणि त्या पाहून होकार देतील तेवढेच चित्रण आपण प्रसिद्ध करू.