सेंट पॉलच्या पायऱ्यांवरचे आक्रमण

पडद्यावर दिसणारा हा घुमट लंडनच्या सेंट पॉल कॅथीड्रलचा आहे. 1968 सालच्या सप्टेंबर महिन्यात याच परिसरातल्या पायऱ्यांवरून चंदेरी वेशातले सायबरमेन, म्हणजे यंत्रांचे अवयव बसवून घेतलेले परग्रहवासी, रांगेने खाली उतरले आणि कॅमेऱ्याने त्यांच्यामागे हा घुमट चौकटीत घट्ट धरून ठेवला. बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या विज्ञानकथा-मालिकेतील ‘द इन्व्हेजन’ या आठ भागांच्या कथेतले हे दृश्य आहे. ती कथा 2 नोव्हेंबर ते 21 डिसेंबर 1968 या काळात दर शनिवारी प्रसारित झाली.

त्यांचे चेहरे जवळून पाहा. कानांपासून निघून डोक्यावर जाणाऱ्या दांड्या, कपाळावरचा दिवा, आणि गोल डोळ्यांच्या कडेला अश्रूसारखी छोटी खाच. सायबरमेनची कल्पना ज्यांच्यापासून सुरू झाली, ते किट पेडलर व्यवसायाने वैद्यकीय संशोधक होते. एकेक अवयव बदलत गेलेल्या माणसात माणूसपण कितपत उरेल, ही त्यांची चिंता होती. या कथेचे बीजही त्यांचेच. पटकथा मात्र डेरिक शेरविन यांनी लिहिली.

दिग्दर्शक डग्लस कॅमफिल्ड यांच्याकडे सायबरमेनचे वेश मोजकेच होते. तरीही गटाराची झाकणे उचलून वर येणारे हात, खालून लावलेला कॅमेरा आणि झपाट्याने बदलणारी चित्रे यांच्या बळावर त्यांनी अख्खे शहर वेढल्याचा आभास उभा केला. कारखान्याच्या दृश्यांसाठी त्यांनी खरा कारखाना निवडला, आणि लढाईच्या प्रसंगांत खऱ्या सैन्यातले जवान उतरवले. आज संगणकावर हजारोंचे सैन्य उभे करता येते. पण ओळखीच्या रस्त्यावर दिवसाढवळ्या चालून येणारी ही मोजकी माणसे आजही अंगावर काटा आणतात, कारण तो रस्ता खरा आहे.

आक्रमणाची तयारीही घराघरांतूनच झालेली असते. उद्योगपती टोबायस वॉन याच्या कंपनीचे रेडिओ आणि इतर विद्युत उपकरणे सर्वत्र पोहोचलेली असतात, आणि प्रत्येकात बसवलेले एक सूक्ष्म सर्किट इशारा मिळताच माणसांना बेशुद्ध करते. केव्हिन स्टोनी यांनी वॉनची भूमिका इतक्या शांत, सभ्य आवाजात केली आहे की त्याचा अचानक होणारा संताप अधिकच भेदक वाटतो. त्याच्यासमोर पॅट्रिक ट्राउटन यांनी साकारलेला मालिकेचा नायक डॉक्टर आणि निकोलस कोर्टनी यांचा ब्रिगेडियर उभे राहतात. ब्रिगेडियरची ‘युनिट’ ही लष्करी संघटना याच कथेत प्रथम दिसते. अखेर वॉन सायबरमेनवर उलटतो आणि क्षेपणास्त्रांनी त्यांचा अंतराळयानांचा ताफा नष्ट होतो.

या आठ भागांपैकी पहिला आणि चौथा भाग बीबीसीच्या संग्रहात उरला नाही. त्या काळी व्हिडिओ टेप महाग होती आणि पुसून पुन्हा वापरता येत होती. कलाकारांशी झालेल्या करारांमुळे पुनःप्रसारणावर मर्यादा होत्या. परदेशी वाहिन्यांसाठी काढलेल्या कृष्णधवल फिल्म-प्रतींनाही रंगीत चित्रवाणी आल्यावर मागणी राहिली नाही. एकेका कारणाला त्या त्या वेळी कार्यालयीन तर्क होता, पण त्या सर्वांनी मिळून एका पिढीचे काम मिटवले.

ध्वनी मात्र वाचला, आणि तो प्रेक्षकांनी वाचवला. प्रसारण चालू असताना त्यांनी घरच्या टेपरेकॉर्डरवर संवाद टिपून ठेवले होते. त्याच ध्वनीवर कॉस्ग्रोव्ह हॉल या संस्थेने दोन्ही हरवलेले भाग रेखाटले आणि 2006 साली ही कथा डीव्हीडीवर पूर्ण स्वरूपात आली. वॉनचे ओठ तिथे रेषांचे आहेत. आवाज स्टोनी यांचाच आहे.

ब्रिगेडियर पूर्वी कर्नल म्हणून ज्या ‘द वेब ऑफ फिअर’ या कथेत आला होता, तिचे चार हरवलेले भाग 2013 साली नायजेरियातून मिळाल्याचे जाहीर झाले. तिसरा भाग, ज्यात कोर्टनी यांचा चेहरा प्रथम दिसतो, त्या चारांमध्ये नव्हता.