चिकलठाण्यात बांधलेली गाडी

ही गाडी इथे आली ती अशी. वर छप्पर नाही, पुढे काच नाही. इंजिन, स्टेअरिंग आणि सहा टायर. चालकाने तोंडाला रुमाल गुंडाळून, उघड्या सीटवर बसून ही चेसी फाटकातून आत घेतली.

छत्रपती संभाजीनगरच्या चिकलठाण्याची ही एसटीची मध्यवर्ती कार्यशाळा. राज्यात अशा तीनच. दुसऱ्या दोन पुण्यात दापोडीला आणि नागपूरजवळ हिंगण्याला. गाडीची बॉडी इथेच बांधली जाते. आधी लोखंडी सांगाडा. हा वेल्डर बघा. खांबाला नुसता टाका मारतो, थांबतो, गुण्या लावून कोन तपासतो आणि मगच वेल्डिंग पुरं करतो. कोन सूतभर जरी हुकला तरी पुढे खिडकीची काच बसायला कुरकुर करते. मग पत्रा. पूर्वी तो ॲल्युमिनियमचा असायचा, आता माइल्ड स्टीलचा. रंगाआधी पत्र्यावरून असा तळहात फिरवतात. डोळ्याला न दिसलेला पोचा बोटांना लागतो. त्यानंतर लाल रंग.

सरकारी बस मराठवाड्याला जुनी. निजामाच्या रेल्वेने 1932 साली 27 गाड्यांवर ती सुरू केली. पुणे-नगर रस्त्यावर पहिली एसटी धावली 1948 ला, म्हणजे 16 वर्षांनी. आमच्या आजोबांना बस माहीत होती ती सरकारचं खातं म्हणूनच. 2021 च्या संपात इथल्या आगारांसमोर बसलेली एसटीची माणसं ‘महामंडळाचं शासनात विलीनीकरण करा’ म्हणत होती, ती काही जगावेगळं मागत नव्हती. संप पाच महिन्यांवर चालला. विलीनीकरण झालं नाही.

एसटी खासगी झाली, असं कुणी म्हणेल. एसटी कुणाला विकलेली नाही. पण 2017 ला वातानुकूलित शिवशाही आली, तिच्यात भाड्याच्या गाड्या आल्या. गाडी खासगी मालकाची, चालक त्याचा, वाहक एसटीचा. महामंडळ किलोमीटरमागे पैसे मोजतं. पुढे 5150 इलेक्ट्रिक गाड्यांचा करार झाला, तोही भाड्याचाच. भाड्याची गाडी बॉडीसकट तयार येते. तिला चिकलठाण्याचं फाटक लागत नाही.

पहाटेचे पाच. ही मुक्कामी गाडी, रात्रभर पारापाशी उभी होती. दुधाचे कॅन चढले. मोफत पासवर शाळेच्या मुली, अर्ध्या तिकिटावर त्यांच्या आया, शून्याच्या तिकिटावर पंच्याहत्तरी ओलांडलेले हे आजोबा. या फेरीला नफा नाही, तरी ती रोज निघते.

वाहकाने दोरी दोनदा ओढली.