खुंटीवरची पिशवी

(दृश्य: घाटंजी तालुक्यातलं एक घर. खुंटीला कापड दुकानाची प्लास्टिकची पिशवी.)

या पिशवीत सोनोग्राफीचे तीन कागद आहेत. तिसरा आठव्या महिन्याचा. त्यावर डॉक्टरांनी निळ्या पेनानं एका आकड्याभोवती गोल केलाय: डावी किडनी, ९ मिलिमीटर. ज्या बाळाचा हा आकडा, त्याची आई मात्र इथे नाही. पहिलं बाळंतपण, म्हणून ती माहेरी गेली, हिंगणघाटकडे. कागद खुंटीवरच राहिले.

(दृश्य: सोनोग्राफीचा पडदा.)

पोटातलं बाळ शू करतं, हे ऐकून बऱ्याच बाया पदर तोंडाला लावून हसतात. पण चौथ्या-पाचव्या महिन्यानंतर बाळ ज्या पाण्यात तरंगतं, ते बहुतांशी त्याचंच मूत्र. किडनीतून ते आधी एका छोट्या पिशवीत उतरतं आणि तिथून नळीवाटे मूत्राशयात. वाट कुठे अरुंद असली, किंवा मूत्र उलटं वर चढत असलं, की ही पिशवी फुगते. शेवटच्या तीन महिन्यांत ती ७ मिलिमीटर किंवा जास्त भरली, तर डॉक्टर नोंद करतात. नाव हायड्रोनेफ्रोसिस, गावात म्हणतात, किडनीत पाणी झालं. शंभर गरोदर बायांमागे एक ते पाच जणींच्या बाळांत हे दिसतं, आणि थोडी सूज असली तर बहुतेकदा आपसूक ओसरते.

सासूबाईंची शंका वेगळीच. "बोअरचं खारं पाणी पेली ना ते, म्हणून झालं का?"

यवतमाळच्या खेड्यात हा प्रश्न येणारच. फ्लोराइडच्या पाण्यानं इथल्या काही गावांत माणसांचे दात पिवळे पडलेत. पण बाळाच्या नळीचा सांधा गर्भातच अरुंद घडतो. त्यात सुनेच्या पाण्याचा दोष नाही, खाण्यापिण्याचाही नाही.

(दृश्य: माहेरचं घर. ओसरीत झोळीचा वजनकाटा.)

मुलगा झाला. तिसऱ्या दिवशी आशाताई आल्या, तेव्हा कुठे त्या कागदाची आठवण निघाली. नवऱ्यानं फोटो काढून मोबाइलवर पाठवला. उशीर झाला का? उलट, बरंच झालं. पहिल्या दोन दिवसांत बाळाच्या पोटात दूध कमी जातं, मूत्रही कमी बनतं आणि फुगलेली पिशवी चपटी दिसते. तेव्हा काढलेली सोनोग्राफी खोटा दिलासा देऊ शकते. म्हणून ती ४८ तासांनंतर करायची.

एका प्रकारात मात्र थांबायचं नाही. दोन्ही किडन्या फुगलेल्या, मूत्राशय तुडुंब, गर्भजल कमी. मूत्रमार्गात पडद्यासारखी झडप असली की असं होतं, आणि ही झडप फक्त मुलग्यांत असते. म्हणजे जन्माआधी कागदावर तिचं नाव लिहिलं, तर लिंग सांगितल्यासारखंच. १९९४चा कायदा ते करू देत नाही. गर्भजल फार कमी पडलं तर फुप्फुसंही नीट वाढत नाहीत. अशा बाईचं बाळंतपण मोठ्या दवाखान्यातच हवं.

आशाताई विचारतात, "शूची धार कशी आहे? की थेंब थेंब?"

"धार चांगली हाय," आजी म्हणते. "पोट्टा दूध पेते, मुतते, मंग कायले न्यायचं?"

आजीचं चुकतंय असं तरी कसं म्हणावं? एका बाजूची सूज बाहेरून सहसा दिसत नाही; दुसरी किडनी काम सांभाळून घेते. आशाताई एवढंच बजावतात: सर्दी-खोकला नसताना ताप आला, तर लघवी तपासल्याशिवाय परतायचं नाही.

पहिल्या आठवड्यातल्या तपासणीत ९च मिलिमीटर. दुसरी तपासणी सहा आठवड्यांनी. आशाताईंची एक भेट ४२व्या दिवशी असते, म्हणून तारीख त्यांच्या लक्षात राहिली. नाहीतर कापसाची वेचणी ऐन भरात, रानात माणूस पुरत नाही, आणि बाळ तर गुटगुटीत.

आकडा निघाला १४.

आता नागपूर. तिथे सुईतून किंचित किरणोत्सर्गी औषध देतात आणि कोणती किडनी किती काम करते, मूत्र किती वेगानं खाली सोडते, हे कॅमेऱ्यावर पाहतात. काम घटत असेल, तर अरुंद भाग कापून नळी पुन्हा जोडतात. नसेल, तर नजर ठेवतात.

(दृश्य: एसटी स्टँड. बाळ आईच्या खांद्यावर झोपलेलं.)

नवरा तीच पिशवी घेऊन आलाय, घाटंजीहून. आत आता पाच कागद. दुकानाच्या नावाखाली, प्लास्टिकवरच, त्यानं पेनानं नागपूरची तारीख लिहिलीय. शाई जरा पसरलीय, म्हणून शेजारी पुन्हा एकदा.