तांब्याचा घाट, गंगेचा घाट

(दृश्य: रामकुंड, पावसाळ्यातली सकाळ, पाणी चहासारखं गढूळ, पुलावर छत्र्या आणि मोबाईल)

नाशिकला पूर किती आलाय हे कुणी आकड्यात विचारत नाही. म्हणजे आकडा येतो सगळ्यांकडे, गंगापूर धरणातून इतके हजार क्युसेक सोडले असा मेसेज ग्रुपवर पडतो, सगळे तो पुढे ढकलतात पण, पण क्युसेक म्हणजे किती बादल्या असं विचारलं की समोरचा विषय बदलतो. खरा प्रश्न एकच असतो. मारुतीला कुठवर आलं?

हा तो मारुती. दुतोंड्या मारुती. नदीपात्रातच उभा आहे, एक तोंड इकडं, एक तिकडं. पाणी त्याच्या पायाला लागलं तर लोक बघायला येतात, गुडघ्याला आलं की घाटावरच्या टपऱ्या हलतात, कंबरेच्या वर गेलं की सराफ बाजार आणि भांडी बाजारातले दुकानदार खालच्या फळीवरचा माल वरच्या फळीवर चढवायला घेतात. आणि हे सगळं कुठलाही बोर्ड न लावता, पट्टी न आखता. आजीला कळतं, शाळेतल्या पोराला कळतं, कालच नाशिकला राहायला आलेल्या भाडेकरूलाही दुसऱ्या दिवशी कळतं.

आता गंमत बघा. हा मारुती ज्यानं घडवला त्यानं देव घडवला, मोजपट्टी नाही. पण आज शहरात पूर सांगण्याचं याच्याइतकं सोपं साधन दुसरं दाखवा मला. मग ही मूर्ती म्हणजे नक्की काय, शिल्प की डिझाइन?

(थोडं थांबून. गोदावरीला आम्ही नाशिककर गंगाच म्हणतो, त्यामुळे इथून पुढं मी गंगाच म्हणणार, कमेंटमध्ये भूगोल शिकवू नका.)

डिझाइन हा शब्द आपण फार सैल वापरतो. मेन रोडला साडीच्या दुकानात बसलं की "दादा, यात दुसरं डिझाइन दाखवा ना" असं ऐकू येतं, तिथं डिझाइन म्हणजे काठावरची नक्षी. आयटीतल्या पोराला विचारलं तर डिझाइन म्हणजे स्क्रीनवर बटण कुठं हवं ते. सरकारी मराठीत आरेखन, अभिकल्प असे शब्द आहेत, चांगले आहेत, कुणी बोलत नाही. पण मला वाटतं आपल्याकडं याच्यापेक्षा भारी शब्द आधीपासून पडून आहे आणि तो आत्ता आपल्या पायाखाली आहे.

घाट.

नदीच्या पायऱ्या म्हणजे घाट. भांड्याचा आकार म्हणजे पण घाट, जुनी माणसं म्हणतात ना, सुबक घाटाची कळशी. आणि एखादी गोष्ट करायची असं मनात घेऊन तयारीला लागणं म्हणजे काय? घाट घालणं. लग्नाचा घाट घातला, घर बांधायचा घाट घातला. म्हणजे मनातला बेत पण घाट, हातातला आकार पण घाट, आणि ज्यावरून माणूस रोज पाण्यात उतरतो ती जागा पण घाटच. बेत, आकार, वापर. तीन अर्थ एका शब्दात, डिझाइनच्या कॉलेजात पहिलं अख्खं वर्ष हेच तर शिकवत असणार.

आणि हा पायऱ्यांचा घाट तरी साधा आहे का. गंगा उन्हाळ्यात खाली, पावसाळ्यात वर, मग पाण्याच्या काठाला नेमकं बांधायचं कुठं? उत्तर असं की कुठंच नेमकं नाही. पायऱ्याच पायऱ्या करा, पाणी कुठंही असो, तिथं एक पायरी असतेच. पाण्याला थांबवायला जात नाही हा घाट, ते कमीजास्त होणार हे धरूनच बांधलेला आहे.

(दृश्य: भांडी बाजार, हंडे, घंगाळं, बंब, ठोक्यांचा आवाज)

आता आत येऊ. नाशिकची तांब्यापितळेची भांडी हा जुना पसारा आहे, तांबट गल्लीत पूर्वी म्हणे ठोक्यांच्या आवाजात बोलणं ऐकू यायचं नाही, आता बोलणं आरामात ऐकू येतं, त्यावरूनच काय ते समजा. एका काकांकडं बसलो होतो, हातोडी चालू होती. तांब्याच्या भांड्यावर ते जे बारीक चकाकणारे ठोके असतात, ओळीनं, गोल गोल फिरत गेलेले, त्याला मठारकाम म्हणतात. मी आपलं शहाणपणानं म्हटलं, काका, काय सुंदर डिझाइन येतंय. त्यांनी वर न बघता सांगितलं, "डिझाइन नाही भो ते. ठोक्याला ठोका लागून नाही पडला तर मधी नरम जागा राहते. मग तिथंच पोचा येतो."

म्हणजे असं आहे. तांबं तापवलं की मऊ पडतं, मऊ असल्याशिवाय त्याला वाकवता येत नाही, पण मऊ राहिलं तर भांडं टिकत नाही. थंड तांब्यावर हातोडी पडत गेली की ते कडक होत जातं. म्हणून शेवटी अख्खं अंग ठोकून काढायचं, एकही जागा न सोडता. आपण ज्याला नक्षी समजतो तो मजबुतीचा हिशोब आहे. उजेड त्याच्यावर नाचतो हे वरचं मिळालं.

तांब्या या वस्तूवर एका अमेरिकन जोडप्याचा जीव जडला होता. चार्ल्स आणि रे ईम्स. खुर्च्यांसाठी जगभर नाव. भारत सरकारनं त्यांना बोलावलं, तीनेक महिने फिरले आणि १९५८ साली एक रिपोर्ट दिला, ज्यातून पुढं १९६१ ला अहमदाबादची एनआयडी, म्हणजे डिझाइन शिकवणारी राष्ट्रीय संस्था, उभी राहिली. त्या रिपोर्टात त्यांनी लिहिलंय की भारतात जे जे बघितलं त्यात सगळ्यात थोर आणि सुंदर वस्तू बहुतेक लोटा. आपला तांब्या. (मराठीत वस्तूला धातूचंच नाव चिकटलंय, त्यामुळे आपण बिनदिक्कत स्टीलचा तांब्या म्हणतो आणि कुणालाच हसू येत नाही.)

मग ते दोघं नुसते प्रश्न विचारत जातात. पाणी किती मावायला हवं. धरणारा हात कुणाचा, बाईचा का पुरुषाचा, केवढा, किती ताकदीचा. डोक्यावर नेणार, कमरेवर का हातात. रिकामा असताना तोल कुठं आणि भरल्यावर कुठं. ओतताना पाणी कसं पडेल, आतून घासता येईल का, हाताला कसा लागेल, किंमत काय, आपटला तर आवाज कसा येईल. आवाजसुद्धा! भांड्याला भांडं लागतंच म्हणणाऱ्या घरात वाढलोय आपण, पण त्या आवाजाचा पण कुणी विचार केला असेल हे आपल्या डोक्यात आलं नव्हतं. आणि एवढं सगळं विचारून ते शेवटी म्हणतात की हे एका माणसाला जमणारं कामच नाही, पिढ्यानपिढ्या अनेकांनी थोडं थोडं बदलत आणलेला आकार आहे हा.

हे मला अडकवून ठेवतं. कारण कला म्हटलं की आपण पहिलं विचारतो कुणाची? चित्र कुणाचं, कोपऱ्यात सही आहे का. तांब्या कुणाचा असं विचारलं तर उत्तर वेगळंच येतं. आमच्या घरात एक आहे, त्यावर ठिपक्या ठिपक्यांनी नाव घातलंय, "मामाकडून सप्रेम भेट" आणि खाली तारीख. नाव देणाऱ्याचं. ज्यानं तो ठोकून ठोकून कडक केला त्याचं कुठंच नाही.

याच्या बरोबर उलटा प्रकार १९१७ साली न्यूयॉर्कला झाला. मार्सेल द्युशाँ नावाच्या कलावंतानं दुकानात मिळणारं चिनीमातीचं युरिनल घेतलं, आडवं ठेवलं, त्यावर खोट्या नावाची सही केली, आर. मट, आणि प्रदर्शनात पाठवून दिलं. लावलं नाही त्यांनी. पण शंभर वर्षं कलेवाले त्याच्यावरच भांडतायत. बघा, डिझाइन केलेली वस्तू, तिचं काम काढून घेतलं, सही चिकटवली, झाली कला. मला तो खोडसाळपणा आवडतो, पण त्या युरिनलचा घाट ज्या कारखान्यातल्या माणसानं काढला असेल त्याच्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही याचा रागही येतो.

(दृश्य: पांडवलेणी, पायऱ्या, धापा टाकणारा कॅमेरामन)

काम निघून गेलं आणि घाट राहिला, हे बघायला न्यूयॉर्कला कशाला जायचं. त्रिरश्मी डोंगर, आपली पांडवलेणी, २४ लेणी आहेत. तिसऱ्या लेण्याच्या ओट्याखाली बघा, सहा धिप्पाड माणसं अर्धी जमिनीतून वर आलीयत आणि खांद्यावर तुळया पेलतायत. चेहऱ्यावर भार दिसतो. आणि भार काहीच नाहीये! अख्खं लेणं एका डोंगरात वरून खाली कोरत नेलंय, तुळई काढून टाकली तरी छत पडणार नाही, कारण छत म्हणजे डोंगरच. अठराव्या लेण्यात, चैत्यगृहाच्या, म्हणजे बौद्ध प्रार्थनेच्या दालनाच्या, दर्शनी भागावरही तेच, लाकडी बांधकामातल्या पट्ट्या, वासे, सगळं दगडात. लाकडात ज्याला काम होतं, ते दगडात आल्यावर बिनकामाचं झालं, तरी कारागिरानं सोडलं नाही.

तिथंच बाजूला पाण्याची टाकी आहेत, त्यांचं मात्र काम शंभर टक्के. दहाव्या लेण्यात उषवदाताचा शिलालेख आहे, हा क्षत्रप राजा नहपान याचा जावई, साधारण १९०० वर्षांपूर्वीचा, त्यात तो सांगतो की हे लेणं केलं आणि या पोढ्या केल्या. पोढी म्हणजे पाण्याचं टाकं. मला ते वाचून बरं वाटलं, की दान मोजताना त्यानं लेणं आणि टाकं एकाच दमात मोजलं, एक भारी आणि दुसरं साधं असं केलं नाही. अशा टाक्यांचं तोंड बऱ्याचदा आतल्या पोटापेक्षा लहान असतं, ऊन कमी लागतं, कचरा कमी पडतो. लहान तोंड, मोठं पोट. आठवलं ना काही?

आणि नाव कुणाचं? इथंही देणाऱ्याचंच. मामाकडून सप्रेम भेट.

आता एक माझीच फजिती सांगतो. दोन वर्षांपूर्वी ऑनलाइन एक तांब्याची बाटली घेतली, मस्त मठारलेली, हँडमेड असं लिहिलेलं. ओतली की पाणी गळ्यावरून ओघळून थेट शर्टाच्या बाहीत. काकांना दाखवली, त्यांनी अंगठा दाबला आणि पोचा पडला. ठोके मशीनच्या साच्यात एका दाबात उठवलेले, सगळे एकसारखे. दिसायला मठार, कडकपणाचा पत्ता नाही.

आणि मग मला झोप येईना, कारण माझाच युक्तिवाद माझ्यावर उलटला. लेण्यातली तुळई काम करत नाही तरी मी तिला कला म्हणून व्हिडिओ काढतो, आणि बाटलीवरचा ठोका काम करत नाही तर मी त्याला फसवणूक म्हणतो. हे कसं काय?

बराच विचार करून मी एवढ्यावर आलोय, पटलं तर बघा. लेण्यातला कारागीर कुणाला सांगत नाही की हे लाकूड आहे. डोंगरात उभा राहिलेला कुठलाही माणूस ते दगड म्हणूनच बघतो, आणि तरी त्याला घर आठवतं. बाटली मात्र म्हणते, मला हातानं ठोकलंय. एक आठवण करून देतेय, दुसरी खोटं बोलतेय. यात उपयोगी किंवा निरुपयोगी हा मुद्दाच नाही, आणि म्हणून डिझाइन म्हणजे उपयोगाचं आणि कला म्हणजे बिनउपयोगाची ही जी वाटणी आपण शाळेत चित्रकलेच्या तासाला आणि कार्यानुभवाच्या तासाला करून ठेवलीय ना, ती मला आता पटत नाही.

चार्ल्स ईम्सला पॅरिसच्या एका प्रदर्शनासाठी १९६९ साली विचारलं होतं, डिझाइन ही कलेची अभिव्यक्ती आहे का? तो म्हणाला त्यापेक्षा हेतूची म्हणा, पुरेसं चांगलं उतरलं तर पुढं लोक त्याला कला म्हणतीलही. तांब्याला हे अगदी लागू. पण मारुतीला? तिथं हेतू देवाचा होता, आणि पूर मोजायचं काम लोकांनी नंतर आपणहून त्याला दिलं, कुणी घाट घातलाच नव्हता. ईम्ससाहेब नाशिकला पावसाळ्यात आले असते तर एक ओळ वाढवली असती बहुतेक.

(दृश्य: पुन्हा रामकुंड, पाऊस वाढलाय)

आमचं शूटिंग इथंच थांबलं, कारण पाणी चढायला लागलं आणि पोलीसदादांनी ट्रायपॉडसकट वर पिटाळलं. पुलावर शेजारी एक मावशी उभ्या होत्या, एका हातात छत्री, दुसऱ्यात फोन, पलीकडून कुणीतरी काळजीनं विचारत होतं. मावशींनी मान वाकवून, डोळे बारीक करून खाली बघितलं.

"गुडघ्याच्या वर गेलंय गं. कंबर अजून कोरडी आहे, ये तू."