शेवट बरा आहे ना?

श्रोतेहो, नमस्कार.

तालुक्याच्या गावातल्या एका जुन्या वाचनालयात मी कितीतरी वर्षे देवघेवीच्या खिडकीमागे बसत आलो. दर शनिवारी दुपारी, शाळा सुटल्यावर, इंग्रजी शिकवणाऱ्या एक बाई तिथे पुस्तक बदलायला यायच्या. लग्नानंतर थोड्याच वर्षांत त्यांचे यजमान गेले होते आणि त्या विषयावर त्या कधी बोलत नसत. आमच्याकडे इंग्रजी पुस्तकांचे कपाट एकच, आणि त्यातला अगदी खालचा खण प्रेम आणि रहस्य यांची एकत्र गुंफण असलेल्या कादंबऱ्यांनी भरलेला. बाई त्या खणापाशी खाली बसून एकेक पुस्तक काढून पाहत, त्यातले एक निवडत आणि नोंदवहीत सही करण्यापूर्वी मला न चुकता विचारत, ‘‘शेवट बरा आहे ना?’’

सुरुवातीला मला या प्रश्नाचा थोडा राग येत असे. रहस्यकथेचा शेवट आधीच विचारून घ्यायचा, तर मग ती वाचायची तरी कशाला, असे मला वाटायचे. पुढे त्या खणातली पुस्तके मी स्वतः वाचू लागलो, आणि बाईंचा प्रश्न मला किती अपुरा कळला होता, हे हळूहळू ध्यानात आले. आज मी याच कादंबऱ्यांविषयी आपल्याशी बोलणार आहे.

या कादंबऱ्यांचा सांगाडा साधा असतो. आयुष्याने पोळलेली एखादी स्त्री, बहुतेक वेळा तितकाच पोळलेला एखादा पुरुष, आणि त्या दोघांच्या भोवती आवळत जाणारे एखादे संकट, म्हणजे खून, कट, पाठलाग किंवा बंद खोलीतले एखादे गुपित. निव्वळ रहस्यकथेत वाचक विचारतो की गुन्हेगार कोण, आणि निव्वळ प्रेमकथेत तो विचारतो की यांचे जमणार का. या कादंबरीत हे दोन्ही प्रश्न एकच होऊन बसतात, कारण जिच्या मनात प्रेम उमलू लागले आहे तिला ज्याच्याविषयी ते वाटते तोच माणूस संशयाच्या छायेत उभा असतो. याच्या हातात हात द्यायचा की याच्यापासून जीव घेऊन पळायचे, हा तो प्रश्न. ज्याचा एकदा विश्वासघात झाला आहे, त्याला गोड बोलण्याने तो सोडवता येत नाही. तो माणसाची करणी पाहतो, आणि करणी खऱ्या अर्थाने दिसते ती प्रसंग ओढवल्यावरच. म्हणून या कथांना संकट लागते. ते केवळ वाचकाच्या अंगावर काटा आणण्यासाठी घातलेले नसते.

शार्लट ब्राँटे यांची ‘जेन एअर’ 1847 साली ‘करर बेल’ या टोपणनावाने प्रसिद्ध झाली आणि या घराण्याची आजी म्हणून आजही तिच्याकडेच बोट दाखवले जाते. जेन ही पोरकी मुलगी. मामीच्या घरी मार खाऊन वाढलेली, आणि नंतर धर्मादाय शाळेत अशी राहिलेली की जिवाभावाची मैत्रीण तिच्याच कुशीत झोपेत मरण पावते. ती थॉर्नफील्ड नावाच्या वाड्यात एका लहान मुलीला शिकवायला येते. एका रात्री धुराच्या वासाने तिचे लक्ष जाते आणि वाड्याचा मालक रॉचेस्टर याच्या पलंगाचे पडदे पेटलेले तिला दिसतात. ती तोंड धुण्याचे भांडे आणि पाण्याचा चंबू त्याच्या अंगावर रिकामा करते, धावत जाऊन आपल्या खोलीतला चंबूही आणते आणि आग विझवते. नंतर त्या ओल्या, काळोख्या खोलीत तो तिचा हात हातात घेतो आणि सोडायला तयार होत नाही. त्या रात्रीपूर्वी दोघांत बोलणे पुष्कळ झालेले असते, पण ते मालक आणि नोकर यांचे बोलणे असते. त्या हात न सोडण्याने दोघांमधले अंतर एकदम कमी होते.

तरीही मला त्या कादंबरीतले सर्वांत मोठे पान ते वाटत नाही. लग्नाच्या दिवशीच जेनला कळते की रॉचेस्टरची पहिली पत्नी जिवंत आहे आणि ती त्याच वाड्याच्या वरच्या मजल्यावर कोंडलेली आहे. तो विनवण्या करतो, आपल्या दुःखाची सारी कहाणी सांगतो, आणि जेनचे त्याच्यावरचे प्रेम तसूभरही कमी झालेले नसते. तरी दुसऱ्या दिवशी पहाटे, थैलीतले वीस शिलिंग आणि एक गाठोडे घेऊन, ती एकटी घराबाहेर पडते. प्रेम आहे म्हणून सहन करायचे नाही, आणि सोडून जायचे म्हणून प्रेम नाकारायचे नाही, असे दुहेरी धैर्य त्या पोरक्या मुलीत आहे. पुढच्या काळात या घराण्यातली जी कादंबरी मला मनापासून पटली, तिच्यात नायिकेला निघून जाता येते. आणि जिथे तिला जाताच येत नाही, तिथे मला कादंबरीबद्दलच काळजी वाटू लागते.

डॅफ्नी ड्यू मॉरिए यांची ‘रिबेका’ हे अशा काळजीचे मोठे उदाहरण. पतीची नेमणूक इजिप्तमध्ये होती, तेव्हा 1937 साली अलेक्झांड्रियाच्या उन्हात बसून त्यांनी ती लिहायला घेतली आणि 1938 मध्ये ती प्रसिद्ध झाली. इंग्लंडमधल्या कॉर्नवॉलच्या ओल्या झाडीचे आणि समुद्राचे जे वर्णन त्यात आहे, ते घरापासून दूर असलेल्या माणसाच्या ओढीने लिहिलेले आहे, हे जाणवल्यावाचून राहत नाही. तिची निवेदिका एका श्रीमंत विधुराची दुसरी पत्नी होऊन मँडर्ली या वाड्यात येते, आणि सबंध कादंबरीत तिचे स्वतःचे नाव आपल्याला कळत नाही. पहिल्या पत्नीचे नाव मात्र पुस्तकाच्या मुखपृष्ठावरच असते. एका सकाळी या नव्या मालकिणीच्या हातून चिनी मातीची एक छोटी मौल्यवान मूर्ती फुटते. घर तिचे, वस्तू तिच्या, तरीही ती तुकडे गोळा करून मेजाच्या खणात मागच्या बाजूला दडवून ठेवते, आणि मूर्ती चोरल्याचा आळ एका नोकरावर येतो तेव्हा तिला खाली मान घालून कबुली द्यावी लागते. सुरा नाही, पिस्तूल नाही, तरी त्या प्रसंगात मला खुनापेक्षा अधिक भीती वाटली, कारण आपल्याच घरात चोरासारखे वावरणाऱ्या सुना मी आमच्या गावातही पाहिल्या आहेत.

पुढे ती जे ऐकते ते भयंकर आहे. आपला नवरा पहिल्या पत्नीचा खुनी आहे, हे त्याच्याच तोंडून तिला कळते. पण त्या क्षणी तिच्या मनात उसळतो तो आनंद, कारण त्याने पहिल्या पत्नीवर कधी प्रेम केलेच नव्हते. वाचकही तिच्याबरोबर सुटकेचा श्वास टाकतो आणि मग त्याची मान खाली जाते. 1940 साली याच कादंबरीवर आल्फ्रेड हिचकॉक यांनी चित्रपट केला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. पत्नीचा खून करणारा पुरुष शिक्षेवाचून सुटलेला दाखवणे हॉलिवूडच्या तेव्हाच्या आचारसंहितेत बसत नव्हते, म्हणून चित्रपटात तो मृत्यू अपघाती ठरवला गेला. कारण काहीही असो, त्या बदलाने कथेचा काटाच निघून गेला असे मला वाटते. जखमी माणसावर प्रेम करताना त्याचा गुन्हासुद्धा आपण पदरात घेतो की काय, ही कादंबरीतली अस्वस्थता पडद्यावर उरली नाही.

याच जागी या साहित्यप्रकाराचा खरा धोका आहे, आणि मी तो झाकणार नाही. ‘त्याने फार सोसले आहे’ या एका वाक्यावर नायकाचा दरारा, त्याचा संशय, त्याची हुकमत सारे काही माफ करून टाकणाऱ्या कादंबऱ्या ढिगाने लिहिल्या गेल्या आणि आजही लिहिल्या जात आहेत. जखम हे क्रौर्याचे कारण असू शकेल, परवाना असू शकत नाही. ‘जेन एअर’मधल्या माळ्यावर कोंडलेल्या त्या पहिल्या पत्नीला स्वतःचा आवाज मिळायला 1966 साल उजाडावे लागले. कॅरिबियन बेटावर जन्मलेल्या जीन ऱ्हिस यांनी त्या वर्षी ‘वाइड सर्गासो सी’ लिहून तिची बाजू जगापुढे मांडली. ज्यांना ‘जेन एअर’ प्रिय आहे त्यांनी तर ती वाचायलाच हवी.

आता त्या खालच्या खणातल्या माझ्या सर्वांत आवडत्या लेखिकेकडे येतो. मेरी स्टुअर्ट या इंग्लंडमधल्या डरहम विद्यापीठात शिकवत असत. त्यांची पहिली कादंबरी 1955 साली आली, आणि 1958 साली आली ती ‘नाइन कोचेस वेटिंग’. लिंडा मार्टिन ही तिची नायिका लहानपणीच पोरकी झालेली आणि अनाथालयात वाढलेली. आल्प्सच्या पायथ्याशी, फ्रान्सच्या सॅव्हॉय प्रांतातल्या एका भव्य वाड्यात, फिलिप नावाच्या नऊ वर्षांच्या मुलाला सांभाळण्याचे काम तिला मिळते. त्या घराला इंग्रज मुलगी हवी असते, म्हणून आपल्याला उत्तम फ्रेंच येते हे ती लपवते आणि आपल्यादेखत बोलल्या जाणाऱ्या फ्रेंचमधले काहीच न कळल्याचा आव आणत राहते. नोकरीसाठी आपली भाषा गिळून टाकणे म्हणजे काय, हे ज्याने अनुभवले आहे त्याला ती पाने वेगळी सांगावी लागत नाहीत.

फिलिपही पोरका आहे आणि साऱ्या जहागिरीचा वारस आहे. त्याच्या जिवावर बेतणारे अपघात एकामागून एक घडू लागतात. त्याच सुमारास लिंडाचे मन त्याच्या चुलत्याच्या मुलावर, राऊलवर, जडलेले असते. एके रात्री तिला कळते की हे अपघात नसून मुलाला मारण्याचा कट आहे, आणि त्या कटाच्या संदर्भात राऊलचे नावही तिच्या कानावर पडते. राऊल निर्दोष असेल असे तिचे मन सांगत असते. स्वतःच्या जिवाचा प्रश्न असता तर तिने तो पणाला लावलाही असता. पण जीव त्या मुलाचा आहे, आणि दुसऱ्याच्या जिवावर आपल्या प्रेमाची परीक्षा घ्यायची नसते, एवढे तिला उमगते. ती राऊलकडे जात नाही. झोपेतल्या मुलाला उठवून, त्याला कपडे चढवून, ती त्याच्यासह रात्रीच्या अंधारात रानाच्या वाटेला लागते. राऊल दोषी होता की नव्हता, हे मी येथे सांगणार नाही, कारण ते पुस्तक आपण स्वतः वाचावे अशी माझी इच्छा आहे. मला सांगायचे आहे ते इतकेच की लेखिका लिंडाच्या अविश्वासाला कुठेही मनाचा कोतेपणा म्हणत नाही. जिने अनाथालय पाहिले आहे तिची भीती हे तिचे शहाणपण आहे, आणि जो प्रियकर त्या भीतीचा मान राखू शकत नाही तो तिच्या योग्यतेचा नाही, इतक्या ठामपणे ती आपल्या नायिकेच्या पाठीशी उभी राहते.

अमेरिकेत या प्रकाराला 1960 नंतर मोठा बहर आला. मागे काळोखा वाडा, त्याच्या एकाच खिडकीत दिवा, आणि पुढे झग्यात धावणारी तरुणी, अशी मुखपृष्ठे तेव्हा इतकी निघाली की ती या प्रकाराची खूणच होऊन बसली. पुढे वाडे मागे पडून शहरे आली आणि नायिका शिक्षिका न राहता पोलीस अधिकारी झाली. नोरा रॉबर्ट्स यांनी ‘जे. डी. रॉब’ या नावाने 1995 मध्ये सुरू केलेल्या मालिकेतली ईव्ह डॅलस ही न्यूयॉर्कच्या पोलीस दलात आहे, आणि कथेचा काळ 2058 सालापासून सुरू होतो. डॅलस शहराच्या एका गल्लीत, आठ वर्षांची असताना, हात मोडलेल्या अवस्थेत ती सापडलेली असते आणि तिचे आडनाव त्या शहरावरूनच पडलेले असते. रोर्क हा तिचा प्रियकरही डब्लिनच्या गरीब वस्तीत बापाचा मार खात वाढलेला आहे, आणि पहिल्या पुस्तकात तो तिच्याच तपासातला संशयित आहे. त्या काळात खरी कॉफी फारच दुर्मीळ आणि महाग झालेली असते. ईव्हला ती किती आवडली हे पाहून तो तिच्याकडे खऱ्या कॉफीची पिशवी पाठवून देतो, आणि ती कणखर बाई त्या वासानेच विरघळते. या मालिकेची पन्नासांहून अधिक पुस्तके झाली, लग्न होऊनही कितीतरी पुस्तके लोटली, तरी ईव्ह रात्री दचकून उठतेच. बदल एवढाच झालेला असतो की आता ती उठते तेव्हा शेजारी कोणीतरी जागे असते. प्रेमाने जखम बरी होते असे खोटे आश्वासन या लेखिकेने दिले नाही, याबद्दल मी तिचा ऋणी आहे.

आपल्याकडेही या कथा वेष बदलून येऊन गेल्या आहेत. ‘जेन एअर’वरून 1952 साली दिलीपकुमार आणि मधुबाला यांचा ‘संगदिल’ निघाला, ‘रिबेका’वरून 1964 साली वहिदा रेहमान यांचा ‘कोहरा’ निघाला. त्याच 1964 साली राजा परांजपे यांनी मराठीत ‘पाठलाग’ दिला, आणि त्यावरून पुढे हिंदीत ‘मेरा साया’ झाला. जिला आपण अग्नी दिला तीच पत्नी समोर उभी राहून ‘मी तुमचीच’ म्हणते तेव्हा पुरुषाने विश्वास कशावर ठेवायचा, हा तिथला पेच. इथे संशयाच्या पिंजऱ्यात स्त्री उभी आहे, पण प्रश्न मूळचाच आहे.

‘नाइन कोचेस वेटिंग’ बाईंनी नेले तेव्हाही त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारला होता, आणि शेवट बरा आहे, असे मी सांगितले होते. तोवर मला कळून चुकले होते की बाईंना शेवट ठाऊक करून घ्यायचा नव्हता; शेवटी किनारा आहे याची खात्री असल्यावाचून त्या खोल पाण्यात उतरू शकत नव्हत्या, आणि त्यांच्या आयुष्यात तशी खात्री त्यांना कोणीच दिली नव्हती. पुढच्या शनिवारी पुस्तक परत आले. मी नोंद करताना पाने चाळली, तर लिंडा मुलाला घेऊन रानात शिरते त्या पानात एसटीचे घडी घातलेले तिकीट राहून गेले होते. मी ते बाईंच्या हाती दिले. तिकीट पर्समध्ये ठेवत त्या म्हणाल्या, ‘‘त्याच्याकडे न जाता ती पोराला घेऊन निघाली ना, तेवढे पान मी तीनदा वाचले.’’ आणि खाली बसून त्या पुन्हा त्याच खणातली पुस्तके पाहू लागल्या.