खांदेरी १६७९ : रात्रीच्या खेपा

(थळचा किनारा, पहाट, ओहोटी)

थळच्या किनाऱ्यावर उभं राहून समुद्राकडे बघितलं की दोन बेटं दिसतात. जवळचं ते बुटकं, सपाट, ते उंदेरी. आणि त्याच्या पलीकडे दोन टेकड्यांचं, टेकडीवर दीपगृह असलेलं, ते खांदेरी. किनाऱ्यापासून साधारण पाच किलोमीटर. चांगला वारा असेल तर होडीने फार वेळ लागत नाही, पण शिवाजी महाराजांच्या माणसांनी खांदेरीवर किल्ला बांधायला घेतला, त्या १६७९ च्या चार-पाच महिन्यांत हेच पाच किलोमीटर किती महाग पडले असतील ते आपण या व्हिडिओत बघणार आहोत.

(ड्रोन, बेटावरून उत्तरेकडे)

आता इथून उत्तरेकडे बघा. तो धुरकट पट्टा दिसतोय ना, ती मुंबई. मुंबई बंदरात शिरणारं आणि बाहेर पडणारं प्रत्येक जहाज या बेटावरून दिसतं. आणि दक्षिणेला गेलात की जंजिरा, सिद्दीचं घर. सिद्दीचं आरमार मुघलांच्या पैशावर चालायचं, पावसाळा आला की ते मुंबईत माझगावला आसऱ्याला यायचं, इंग्रज त्याला नको म्हणायचे नाहीत, आणि दिवस उघडले की हेच आरमार आपल्या किनाऱ्यावरची गावं जाळायचं, माणसं धरून न्यायचं. महाराजांनी जंजिऱ्यावर किती वेळा मोहीम काढली, हाताला लागला नाही. मग त्यांनी इंग्रज आणि सिद्दी दोघांच्या मधल्या वाटेवरच, म्हणजे खांदेरीवर, बसायचं ठरवलं. १६७२ मध्ये एकदा प्रयत्न झाला होता, तेव्हा इंग्रज आणि सिद्दी दोघंही आडवे आले आणि काम थांबवावं लागलं.

(लाटा खडकांवर फुटतायत, क्लोजअप)

मराठे दुसऱ्यांदा आले ते ऑगस्ट १६७९ च्या शेवटी. पावसाळा सरलेला नव्हता. या दिवसांत मोठी जहाजं कोणी बाहेर काढत नाही आणि मला वाटतं हीच वेळ मुद्दाम निवडली असणार, कारण मुंबईच्या इंग्रजांना कळेपर्यंत माणसं बेटावर उतरून दगड रचायला लागली होती. दीडशे माणसं आणि चार छोट्या तोफा. त्यांचा म्होरक्या मायनाक भंडारी. इंग्रजांच्या कागदांत त्याचं नाव माय नायक असं येतं. या माणसाचं चित्र नाही, घर कुठलं ते सांगता येत नाही, पण कोकणातल्या भंडारी माणसाने एका ओसाड बेटावर पाय रोवले आणि समोर तोफांची जहाजं येऊन उभी राहिली तरी तो हलला नाही, एवढं तर शत्रूनेच लिहून ठेवलंय.

(तटाची भिंत, खालून वर)

आता ही भिंत नीट बघा. आम्ही अर्धा दिवस फक्त हिच्या भोवती फिरलो. खालचे दगड बघा, मोठमोठे, ओबडधोबड, एकमेकांत अडकवून बसवलेले, मधे चुना दिसत नाही. लाट आली की पाणी फटींतून आत जातं आणि तसंच बाहेर येतं, भिंतीला धक्का कमी बसतो. आणि भिंतीच्या बाहेर हे जे दगड नुसते टाकून दिल्यासारखे पसरलेत ना, त्यांच्यावर कालवं धरतात, शिंपल्यांच्या कडा एवढ्या धारदार होतात की अनवाणी माणसाचा पाय फाटतो. कॅमेरा सांभाळत उतरताना आमच्यातल्या दोघांचे पाय सोलले आणि तेही शांत समुद्रात, बरोबर कोळी दादा हात धरायला असताना. हातात बंदूक घेऊन, वरून दगड आणि गोळ्या येत असताना इथे उतरायचं म्हणजे काय, विचार करा.

अर्थात आज दिसतो तो सगळा तट काही त्या चार महिन्यांत उभा राहिलेला नाही, पुढे वर्षानुवर्षं भर पडत गेली. पण सुरुवात त्या दीडशे माणसांनी केली, वेढा पडलेला असताना. ही टेकडीजवळची गाड्यावरची मोठी तोफ बघून तिची मायनाकच्या चार तोफांशी गल्लत करू नका, ही वेगळी. त्याच्याकडे होत्या त्या लहान तोफा, दगडांच्या आडोशाने लावलेल्या.

(बेटावरची उतरायची जागा)

होडी लागते ती या एवढ्याशा जागेत. सप्टेंबरच्या सुरुवातीला इंग्रजांनी तीन शिबाडं, म्हणजे शिडाची मोठी मालवाहू जहाजं, पाठवून पहारा बसवला, निरोप धाडला की बेट आमचं आहे, खाली करा. मायनाकचं उत्तर असं की मालकांचा हुकूम आल्याशिवाय हलणार नाही. मग १९ सप्टेंबरला लेफ्टनंट फ्रान्सिस थॉर्प आपलं शिबाड घेऊन थेट किनाऱ्याला भिडला, वरिष्ठांनी उतरायला सांगितलेलं नसताना. वरून मारा झाला, थॉर्प आणि त्याच्याबरोबर आणखी दोघं जागेवर मेले, शिबाड आपल्या लोकांच्या ताब्यात आलं. नंतर इंग्रजांनी बेटावर उतरायचा नाद सोडला आणि बाहेरून कोंडी करायचं ठरवलं. ऑक्टोबरमध्ये कॅप्टन मिंचिन आणि कॅप्टन केग्विन रिव्हेंज नावाचं मोठं फ्रिगेट, म्हणजे तोफांचं लढाऊ जहाज, घेऊन आले, बरोबर दोन गुराबा (शिडाची लढाऊ जहाजं), तीन शिबाडं, दोन मचवे (लहान शिडाच्या होड्या), म्हणजे एकूण आठ जहाजं आणि खलाशी सोडून दोनशे सैनिक.

(थळ, संध्याकाळ. होड्या सुटतायत)

आणि आता आमच्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. बेटावर माणसं बसली, पण त्यांना तांदूळ कोण देणार, दारूगोळा कोण देणार, भिंतीच्या कामाला नवीन हात कुठून येणार? महाराजांना हा धडा आधीच मिळालेला होता. १६७५ मध्ये जंजिऱ्यासमोरच्या पद्मदुर्गाला रसद वेळेवर पोचवली नाही म्हणून त्यांनी प्रभावळीच्या सुभेदाराला, जिवाजी विनायकाला, अतिशय कडक पत्र लिहिलंय, की तुम्ही चाकर असून गनिमाचं काम सोपं करताय. समुद्रातला किल्ला पोटावर चालतो हे त्यांना पक्कं माहीत होतं.

म्हणून थळवरून खेपा सुरू झाल्या. त्या पण रात्री. आपल्या होड्या लांबट, हलक्या, पाण्यात कमी बुडणाऱ्या, शीड पण आणि वल्ही पण. रिव्हेंजसारख्या जहाजाला खोल पाणी लागतं आणि वारा लागतो, इथे मधे जागोजागी खडक आहेत, ओहोटीला ते वर येतात, ज्याला वाट माहीत आहे तोच जातो. आणि ऑक्टोबरनंतर रात्री मतलई वारा सुटतो, जमिनीवरून समुद्राकडे, म्हणजे थळहून निघालेल्या होडीच्या पाठीत वारा. पहाटे परत यायचं ते वल्ह्यांवर, उजाडायच्या आत. खुद्द इंग्रज कॅप्टनांनी मुंबईला कळवलं की या लहान होड्यांनी आम्हाला दमवलंय, त्या आमच्यापेक्षा चपळ आहेत आणि तसल्या होड्या आपल्याकडे नाहीत. शत्रूच्या पत्रात अशी कबुली रोज मिळत नाही.

हे वल्हवणारे कोण होते? कोळी, भंडारी, किनाऱ्यावरचे कष्टकरी. एकाचंही नाव कागदावर नाही. थॉर्पबरोबर मेलेल्या दोघांची नावं इंग्रजांच्या दप्तरात आहेत, आणि चार महिने जीव धोक्यात घालून तांदळाची पोती वाहणाऱ्या आपल्या माणसांची नाहीत, हे आम्हाला शूटिंगभर टोचत राहिलं.

(पहाटेचा समुद्र, वाइड शॉट)

१८ ऑक्टोबर. पहाटे दौलतखान थळकडून बाहेर पडला, चाळीस-पन्नास गलबतं एकाच वेळी. दौलतखान म्हणजे महाराजांच्या आरमाराचा मोठा सरदार, बेटावर मायनाक आणि पाण्यावर दौलतखान अशी ही जोडी होती. गलबतं एवढ्या झपाट्याने आली की इंग्रजांना नांगर उचलायला धड वेळ मिळाला नाही. अर्ध्या तासाच्या आत डोव्हर नावाच्या गुराबेने निशाण उतरवलं, ती पकडली गेली, तिच्यावरचे कैदी पुढे सागरगडावर नेले, आणि बाकीची लहान जहाजं लांब राहिली. रिव्हेंज एकटं उरलं. इथे खरं सांगायला पाहिजे, रिव्हेंज चांगलं लढलं. त्याच्या तोफांपुढे आपली गलबतं टिकली नाहीत, पाच बुडाली असं इंग्रज सांगतात, उरलेली नागोठण्याच्या खाडीकडे मागे हटली. समोरासमोरच्या तोफांच्या लढाईत ते भारी होते, हे मान्य करावंच लागेल. पण ज्यासाठी एवढं चाललं होतं ती रसद काही थांबली नाही, थोड्या दिवसांत होड्या परत बेटाला लागायला लागल्या, भिंत परत चढायला लागली.

(उंदेरी, बोटीतून)

नोव्हेंबरमध्ये सिद्दी कासिम आरमार घेऊन आला. तो इंग्रजांच्या मदतीला आला खरा, पण बेट जिंकलं तर स्वतःच ठेवेल अशी इंग्रजांनाच भीती. खर्च वाढत होता, जहाजं अडकून पडली होती. जानेवारी १६८० मध्ये सिद्दीने हे समोरचं उंदेरी धरलं, दौलतखानाने ते घ्यायचा प्रयत्न केला तो फसला आणि तो स्वतः जखमी झाला. इंग्रजांनी मराठ्यांशी बोलणी करून आपली जहाजं काढून घेतली, खांदेरी आपल्याकडे राहिलं, आणि ३ एप्रिल १६८० ला महाराज गेले.

पुढे कान्होजी आंग्र्यांच्या काळात, १७१८ मध्ये, मुंबईचा गव्हर्नर बून परत एकदा खांदेरीवर आरमार घेऊन आला आणि हात हलवत परत गेला. बेटाला आज कान्होजींचं नाव आहे, नौदलाच्या पाणबुडीला खांदेरीचं नाव आहे, आणि २०२५ मध्ये मराठ्यांच्या बारा किल्ल्यांपैकी एक म्हणून खांदेरी जागतिक वारसा यादीत गेलं.

(वेताळाचं देऊळ, मग दीपगृह, मग परतीची होडी)

हे वेताळाचं देऊळ. कोळी बांधव आजही इथे नारळ ठेवायला येतात. ते दीपगृह १८६७ चं. आणि हा दगड, यावर लहान दगड आपटला की लोखंडावर घण मारल्यासारखा आवाज येतो, थांबा, ऐकाच.

(दगडाचा आवाज, निवेदन बंद)

परत निघताना ओहोटी लागली होती. आमच्या होडीचे तांडेल थळचेच, त्यांनी एकदाही खाली बघितलं नाही, उंदेरी डाव्या हाताला ठेवली, थोडं थांबले, मग दोन खडकांच्या मधून होडी काढली. वाट कोणी शिकवली असं विचारलं तर म्हणाले, बापाने.