रिटेक नसलेला शॉट

(दृश्य: कॅनव्हासवर ओढला जाणारा ब्रश. संगीत नाही.)

चित्रकाराच्या कामावर माहितीपट करताना हे आधी लक्षात घ्या: रंग एकदा बसला की बसला. चित्रकाराला "परत एकदा कराल का?" असं विचारलं आणि त्याने केलंही, तरी ते नाटकच होतं. म्हणून काम सुरू होण्याआधी एक कॅमेरा ट्रायपॉडवर लावायचा, अख्खा कॅनव्हास फ्रेममध्ये घ्यायचा आणि हात थांबेपर्यंत तो चालू ठेवायचा. दुसरा कॅमेरा, 50 मिलिमीटरची लेन्स लावून, बोटं, नजर, पॅलेट टिपत फिरतो. त्याचे तुकडे कुठल्या क्रमाने लावायचे, हे एडिटमध्ये पहिला कॅमेरा सांगतो.

व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरं पांढरंच दिसावं म्हणून कॅमेऱ्यात केलेली रंगांची जुळणी, ऑटोवर ठेवला तर घात होतो. कॅनव्हासवर निळा वाढला की कॅमेरा तो कापायला बघतो आणि मागची पांढरी भिंत पिवळट होते. राखाडी कार्डावर सेट करून लॉक करा. खिडकीचा उजेड साधारण 5600 केल्व्हिन (उजेडाच्या रंगछटेचं माप), पिवळा बल्ब 2700 ते 3200 च्या दरम्यान. दोन्ही एकत्र असतील तर बल्ब विझवलेला बरा. ओले तैलरंग चमकत असतील तर दिवा बाजूला सरकवा. पोलरायझर, म्हणजे लेन्सवर लावायचा चमक कापणारा फिल्टर, मदत करतो, पण दीडेक स्टॉप उजेड खातो (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा).

(दृश्य: एप्रनवर लावलेला माइक.)

इथे बहुतेकांचं चुकतं. हात हलला की एप्रन माइकला घासतो आणि तो खरखराट नंतर काढता येत नाही. काम चालू असताना माइक बूमवर, म्हणजे लांब दांड्यावर, डोक्याच्या वर, फ्रेमच्या जेमतेम बाहेर. फ्रिज, पंखा बंद. शेवटी सगळ्यांनी गप्प राहून मिनिटभर रूम टोन, म्हणजे खोलीच्या शांततेचा आवाज, रेकॉर्ड करून घ्यायचा. तो नसेल तर मुलाखतीतला प्रत्येक कट कानाला कळतो.

मुलाखतीत उत्तर संपल्यावर लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. चार-पाच सेकंद थांबा. कामाचं वाक्य बहुधा त्यानंतर येतं.

कॅमेरा कलाकाराला बदलतो, हा मात्र जुना पेच. 1950 साली छायाचित्रकार हान्स नमुथने अमेरिकन चित्रकार जॅक्सन पोलॉकला काचेवर रंग टाकायला लावून खालून टिपलं. दृश्य अफाट आहे. पण ती काच कॅमेऱ्याच्या सोयीची होती, चित्राची नव्हे. त्यापेक्षा सुरुवातीचं चित्रण वाया जाऊ द्यावं. माणूस कॅमेऱ्याला सरावला की पोज आपोआप गळते.

आणि अर्धवट चित्र पडद्यावर दाखवायचं की नाही, हे चित्रीकरणाआधीच लेखी ठरवून घ्या. एडिट झाल्यावर आलेला नकार अख्खा प्रसंग घेऊन जातो.